सोंग, जात आणि न्याय : तोतयांच्या चित्रपटांविषयी

'तोतया' हा शब्द मराठी माणसाला नवा नाही. पानिपतच्या १७६१ च्या लढाईत नाहीशा झालेल्या सदाशिवरावभाऊंचे नाव लावून एक इसम पुढे आला, त्याच्यामागे माणसे जमली, आणि अखेर १७७६ मध्ये पेशवाईच्या कारभाऱ्यांनी त्याला देहदंड दिला. तोतया म्हटले की आपल्या मनात एकच प्रश्न उभा राहतो : हा खरा कोण? तोतयांवरचे चित्रपट याच प्रश्नावर चालतात. पडद्यावर एक बुद्धिमान माणूस दुसऱ्याचे नाव घेऊन वावरतो, त्याचे पितळ केव्हा उघडे पडेल म्हणून प्रेक्षक श्वास रोखून बसतो, आणि शेवटी खरे नाव कळले की न्याय झाला असे समजून घरी जातो.

माझ्या मते हा प्रश्न अपुरा आहे. ज्या समाजात नाव सांगताच दार उघडते किंवा बंद होते, तेथे 'हा खरा कोण?' याआधी दुसरा प्रश्न विचारला पाहिजे. नाव बदलल्याशिवाय ज्या दारातून आत जाता येत नाही, ते दार कोणी बांधले? हा प्रश्न हाती घेतला म्हणजे वरवर एकाच जातीचे वाटणारे हे चित्रपट वेगवेगळे होतात. कोणाचे सोंग कौतुकास पात्र ठरते, कोणाच्या सोंगाला पश्चात्तापाची शिक्षा होते, आणि कोणाचे सोंग न्यायाच्या कामी येते, हे स्पष्ट दिसू लागते.

यासाठी मी प्रामुख्याने काही अमेरिकन चित्रपट घेतो आणि मग आपल्याकडच्या दोहोंकडे येतो. अमेरिका निवडण्याचे कारण उघड आहे. तेथे रंगावरून माणसाची जागा ठरवणारा कायदाच होता आणि त्या कायद्याच्या कुंपणावरून उडी मारणारी माणसेही होती. १९७२ मध्ये दलित पँथरने आपले नाव तेथील ब्लॅक पँथरवरून घेतले, तेव्हापासून त्या लढ्याशी आपले नाते जाहीरच आहे.

प्रथम खेळ म्हणून घेतलेले सोंग पाहू. रॉबर्ट मुलिगन यांचा 'द ग्रेट इम्पोस्टर' (१९६१) हा फर्डिनंड डेमारा या खऱ्याखुऱ्या माणसावर बेतलेला आहे. डेमाराने एका डॉक्टरचे नाव उचलले आणि १९५१ मध्ये, कोरियाचे युद्ध चालू असताना, तो कॅनडाच्या नौदलात शल्यविशारद म्हणून रुजू झाला. 'कयुगा' या युद्धनौकेवर त्याने जखमींवर शस्त्रक्रियाही केल्या. बिंग फुटल्यावर नौदलाने खटला न भरता त्याला सोडून दिले. चित्रपटात टोनी कर्टिसने हा माणूस हसतखेळत रंगवला आहे. स्टीव्हन स्पीलबर्ग यांचा 'कॅच मी इफ यू कॅन' (२००२) याच वाटेने जातो. वैमानिक, डॉक्टर, वकील अशी एकामागून एक सोंगे घेणारा तरुण शेवटी त्याला पकडणाऱ्या तपासयंत्रणेच्याच कामी येतो. पुढे २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने असे दाखवले, की ज्या आत्मकथनावर हा चित्रपट उभा आहे त्यातले अनेक पराक्रम घडलेच नव्हते. म्हणजे तोतयेगिरीची कथाच तोतयी निघाली. पण तिला पुस्तक मिळाले, चित्रपट मिळाला, टाळ्याही मिळाल्या.

आपल्याकडचे उदाहरण द्यायचे तर 'मुन्नाभाई एमबीबीएस' (२००३) सगळ्यांना ठाऊक आहे. मुन्नाभाईच्या जागी दुसराच माणूस प्रवेशपरीक्षा लिहितो, मुन्ना वैद्यकीय महाविद्यालयात शिरतो, आणि मायेने रोगी बरे होतात असे पाहून प्रेक्षक गहिवरतो. मीही त्यात हसलो आहे. तरी एक गोष्ट नोंदवली पाहिजे. या मुन्नाचे कागदोपत्री नाव मुरलीप्रसाद शर्मा असे आहे. त्याच वैद्यकीय महाविद्यालयांत राखीव जागेवर, स्वतःच्या नावाने, स्वतः परीक्षा देऊन आलेल्या विद्यार्थ्याला 'गुणवत्ता' विचारली जाते. परीक्षा न देणाऱ्या शर्माला हृदय आहे म्हणून क्षमा, आणि परीक्षा देणाऱ्या कांबळेला गुण आहेत तरी संशय! दोन्हीकडे न्याय करणारा प्रेक्षक एकच असतो, हे आपण विसरता कामा नये.

या पहिल्या प्रकारातल्या नायकांचे मूळ नाव कलंकित नसते. त्यांना कोणी दारातून हाकललेले नसते. सोंग उतरले की ते आपल्या जागी परत जातात, आणि ती जागा त्यांची वाट पाहत असते. म्हणून त्यांचे सोंग 'चातुर्य' ठरते.

दुसरा प्रकार वरून खाली आलेल्या पाहुण्याचा. इलिया कझान यांचा 'जंटलमन्स ॲग्रीमेंट' (१९४७) हा त्याचा नमुना होय. ज्यूद्वेषावर लेख लिहायचा म्हणून एक ख्रिस्ती पत्रकार काही आठवडे स्वतःला ज्यू म्हणवून घेतो. हॉटेलात त्याला खोली नाकारली जाते, त्याच्या मुलाला रस्त्यात अपमान सोसावा लागतो, आणि सभ्य माणसांच्या गप्प राहण्यातच द्वेषाचे मूळ कसे आहे हे त्याला उमगते. चित्रपटाचा हेतू प्रामाणिक होता आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. परंतु त्यातले एक दुय्यम पात्र मला नायकाहून महत्त्वाचे वाटते. नायकाची लेखनिक ज्यू असते. तिने याच नियतकालिकाकडे नोकरीसाठी दोन अर्ज केलेले असतात, एक आपल्या खऱ्या ज्यू आडनावाने आणि दुसरा बदललेल्या आडनावाने. खऱ्या नावाला नकार आला आणि बदललेल्या नावाला नोकरी मिळाली. ज्यूद्वेषावर लेख छापायला निघालेल्या कचेरीचीच ही गोष्ट! त्यानंतर व्यवस्थापनाची कानउघाडणी होते, हे खरे. पण आपल्याच लोकांविषयी तिच्या मनात शिरलेल्या तुच्छतेबद्दल नायक तिलाही उपदेश करतो. काही आठवड्यांचा ज्यू जन्मभराच्या ज्यू बाईला स्वाभिमान शिकवतो. त्याला आपले सोंग केव्हाही उतरवता येते, तिला ते उतरवले की पोटावर पाय येतो. तिची कथा चित्रपटाच्या मध्यभागी का आली नाही, याचे उत्तर कथा कोणी लिहिली आणि कोणासाठी लिहिली यात आहे.

तिसरा प्रकार जगण्यासाठी घेतलेल्या सोंगाचा. काळ्या आईबापांपोटी जन्मून रंगाने गोऱ्या दिसणाऱ्या माणसाने गोरा म्हणून वावरणे याला अमेरिकेत 'पासिंग' म्हणतात. फॅनी हर्स्ट यांच्या १९३३ च्या कादंबरीवरून 'इमिटेशन ऑफ लाइफ' हा चित्रपट दोनदा निघाला. १९३४ मध्ये जॉन स्टाल यांनी काढला, १९५९ मध्ये डग्लस सर्क यांनी. काळ्या मोलकरणीची गोरी दिसणारी मुलगी आईची ओळख नाकारते, घर सोडते, आणि आई झुरून मेल्यावर शवपेटीला मिठी मारून आक्रोश करते. प्रेक्षक रडतो. पण तो कोणावर रागावतो? मुलीवर. ज्या कायद्याने आणि ज्या रिवाजाने आईची ओळख मुलीच्या वाटेतली धोंड बनवली, तो कायदा त्या शवयात्रेत कोठेच दिसत नाही. व्यवस्थेचा गुन्हा मुलीच्या कृतघ्नपणात विरघळून जातो.

येथे पात्रनिवडीचा इतिहासही सांगण्याजोगा आहे. १९३४ च्या चित्रपटात ही मुलगी फ्रेडी वॉशिंग्टन या कृष्णवर्णीय अभिनेत्रीने साकारली. ती स्वतः गोरी म्हणून सहज खपली असती, पण प्रत्यक्ष आयुष्यात तिने तसे करण्यास ठाम नकार दिला आणि पुढे कृष्णवर्णीय कलावंतांच्या संघटनेत काम केले. पडद्यावर जात लपवणारी ही बाई पडद्याबाहेर ती उघड सांगत होती. १९५९ च्या चित्रपटात मात्र ही भूमिका सुझन कोनर या कृष्णवर्णीय नसलेल्या अभिनेत्रीकडे गेली. कझान यांच्या 'पिंकी' (१९४९) मध्ये जीन क्रेन आणि आल्फ्रेड वर्कर यांच्या 'लॉस्ट बाउंड्रीज' (१९४९) मध्ये मेल फेरर, दोघेही गोरेच. काळे असून गोरे भासणाऱ्यांची व्यथा सांगण्यासाठी गोऱ्यांनी काळे असल्याचे सोंग घेतले, आणि त्या सोंगाला कोणी तोतयेगिरी म्हटले नाही!

'लॉस्ट बाउंड्रीज' न्यू हॅम्पशायरमधल्या एका खऱ्या डॉक्टरच्या कुटुंबावर आधारलेला आहे. काळा म्हणून दारे बंद झालेला डॉक्टर एका लहान गावात गोरा म्हणून स्थायिक होतो, वर्षानुवर्षे गावाची सेवा करतो, आणि युद्धकाळात नौदलाच्या चौकशीत त्याचे मूळ उघड होते. गाव आधी पाठ फिरवते. मग चर्चमधल्या प्रवचनानंतर गावाचे मन पालटते आणि डॉक्टरला पुन्हा आपले मानले जाते. इतका सौम्य शेवट असूनही अटलांटा आणि मेम्फिस या शहरांत या चित्रपटावर बंदी आली. 'पिंकी' दाखवला म्हणून टेक्सासमधल्या मार्शल गावी चित्रपटगृहाच्या चालकाला शिक्षा झाली, ती १९५२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. एवढ्याशा सत्यालाही व्यवस्था किती भीत होती, ते यावरून दिसते. पण मला खटकते ती त्या शेवटातली क्षमा. ज्याने गावाला औषध दिले त्याला गाव क्षमा करते, आणि गावाने त्याला ज्या कारणाने लपायला लावले त्याची क्षमा मात्र कोणीच मागत नाही.

आता आपल्या भाषेकडे वळू. इंग्रजीत 'पासिंग' म्हणजे पलीकडे जाणे, पार होणे. मराठीत आपण 'जात चोरणे' म्हणतो. बाबूराव बागूल यांच्या १९६३ च्या कथासंग्रहाच्या नावातच हे क्रियापद आहे. या शब्दाशी जरा थांबावे असे मला वाटते. चोरी दुसऱ्याच्या मालाची होते. येथे तर माणूस स्वतःचेच काही झाकून ठेवतो. तरी भाषा त्याला चोर म्हणते, कारण वर्णव्यवस्थेच्या हिशेबात त्याची जात ही त्याची नसून गावाची मालमत्ता आहे. ती गावाला दाखवत राहणे हे त्याचे कर्तव्य, आणि न दाखवणे हा गुन्हा. बागूलांनी हा शब्द नायकाच्या तोंडी घालून त्या हिशेबवहीवरच बोट ठेवले.

ही वही म्हणजे केवळ अलंकार नव्हे. १९१७ मध्ये परदेशातून उच्च शिक्षण घेऊन आलेले डॉ. बाबासाहेब आंबेडकर बडोद्याला नोकरीवर रुजू झाले, तेव्हा त्यांना राहायला जागा मिळेना. ते एका पारशी सराईत गेले. तेथे पारशाखेरीज कोणाला प्रवेश नव्हता. सराईच्या रखवालदाराने तोडगा काढला, की वहीत पारशी नाव लिहायचे. नाव लिहिले गेले आणि खोली मिळाली. अकराव्या दिवशी हातात काठ्या घेतलेले पारशी जिना चढून आले आणि संध्याकाळपर्यंत खोली सोडायला सांगून गेले. मित्रांकडे आसरा मिळाला नाही, आणि बाबासाहेबांनी उरलेला वेळ बागेत बसून काढून रात्रीच्या गाडीने मुंबई गाठली. हा प्रसंग त्यांनीच लिहून ठेवला आहे. देशातल्या अत्यंत विद्वान माणसांपैकी एकाला छपरासाठी परके नाव घ्यावे लागले. येथे तोतया कोण? नाव लिहिणारा, की नावावाचून छप्पर न देणारी वही?

बडोद्यानंतर दहा वर्षांनी, २० मार्च १९२७ रोजी, महाडचे चवदार तळे आले. तहानच भागवायची असती तर ओळख न देता एकट्यादुकट्याने ओंजळभर पाणी घेता आले असते. पण प्रश्न पाण्याचा नव्हता. हजारो माणसांनी आपले नाव, आपली जात, आपली वस्ती न लपवता दिवसाढवळ्या पाणी प्यायचे, हा त्या सत्याग्रहाचा अर्थ. लपून मिळालेले पाणी एकाची तहान भागवते. उघडपणे घेतलेले पाणी तळ्याचा कायदा बदलू पाहते. सोंग आणि न्याय यांतला फरक याहून नेमका मला सांगता येणार नाही.

अमेरिकेतही हे घडले होते. ७ जून १८९२ रोजी न्यू ऑर्लिन्समध्ये होमर प्लेसी हा तरुण गोऱ्यांच्या डब्यात बसला. त्याच्या पूर्वजांपैकी आठवा हिस्सा काळा होता आणि दिसायला तो गोराच होता. गप्प बसला असता तर कोणाला कळले नसते. पण नागरिकांच्या एका समितीने ठरवल्याप्रमाणे त्याने आपण काळे असल्याचे सांगितले आणि अटक करून घेतली. १८९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच्याविरुद्ध निकाल दिला, आणि 'वेगळे पण समान' हे ढोंग १९५४ पर्यंत कायदा म्हणून टिकले. २०२२ मध्ये लुइझियानाच्या गव्हर्नरने प्लेसीला मरणोत्तर माफी दिली. पुन्हा तेच! माफी मागायची ज्यांनी, त्यांनीच ती दिली.

मग सोंग नेहमीच त्याज्य काय? तसे मी म्हणत नाही. सोंगाचा एक चौथा प्रकार आहे, तो शस्त्राचा. वॉल्टर व्हाइट हे कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या राष्ट्रीय संघटनेचे कार्यकर्ते. निळे डोळे, गोरा रंग. झुंडीने काळ्यांचे बळी घेतले की ते गोरा माणूस म्हणून त्या गावी जात, मारेकऱ्यांशीच गप्पा मारून हकीकत काढत आणि परतल्यावर ती छापत. १९१९ मध्ये आर्कान्सामधल्या इलेन येथे त्यांच्यामागे लोक लागल्याचे कळताच त्यांनी मिळेल ती गाडी पकडली. त्याच इलेन प्रकरणातल्या फाशीच्या शिक्षांवरून १९२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने असा महत्त्वाचा निर्णय दिला, की झुंडीच्या धाकाखाली चाललेला खटला हा खटलाच नव्हे. व्हाइट यांनी स्वतःच्या सुखासाठी रंग लपवला नाही. ज्यांना बोलता येत नव्हते त्यांची साक्ष आणण्यासाठी तो लपवला.

स्पाइक ली यांचा 'ब्लॅकक्लॅन्समन' (२०१८) या परंपरेतला आहे. कोलोराडो स्प्रिंग्सचा कृष्णवर्णीय पोलीस रॉन स्टॉलवर्थ याने १९७८ मध्ये कू क्लक्स क्लॅनची जाहिरात पाहून संपर्क साधला, दूरध्वनीवर गोरा म्हणून त्यांचा विश्वास संपादला, आणि प्रत्यक्ष भेटीसाठी आपल्या नावाने एका गोऱ्या सहकाऱ्याला पाठवले. चित्रपटात हा सहकारी ज्यू दाखवला आहे. आवाज एकाचा, देह दुसऱ्याचा, आणि दोघेही क्लॅनच्या लेखी शत्रू! यात हसू आहे, पण ते द्वेष करणाऱ्याच्या मूर्खपणाचे आहे. ज्याला आपण रक्तावरून ओळखतो म्हणून तो मिरवतो, त्याचा आवाजही त्याला ओळखता येत नाही. तरी ली विजयाच्या नशेत थांबत नाहीत. तपास वरून बंद केला जातो, कागदपत्रे नष्ट करण्याचा हुकूम येतो, आणि शेवटी २०१७ च्या शार्लट्सव्हिलमधली खरी चित्रे पडद्यावर येतात. सोंगाने पुरावा मिळतो, न्याय मात्र त्यापुढे लढून मिळवावा लागतो, हे भान त्या शेवटात आहे.

आपल्याकडे या विषयाला अलीकडे दोन चित्रपट भिडले. मनू जोसेफ यांच्या २०१० च्या कादंबरीवरून सुधीर मिश्रा यांनी 'सीरियस मेन' (२०२०) काढला. मुंबईतल्या एका संशोधनसंस्थेत ब्राह्मण शास्त्रज्ञाचा सहायक असलेला दलित अय्यन मणी आपल्या मुलाला पाठ केलेली आणि कानातल्या यंत्रातून पुरवलेली उत्तरे बोलायला लावून 'बालबुद्धिमान' म्हणून उभा करतो. जड शब्द ऐकताच मोठमोठी माणसे माना डोलावतात, त्यातून प्रस्थापितांची गुणवत्ता किती आवाजावर चालते ते उघडे पडते. या उपहासाला धार आहे. पण किंमत कोणी मोजली? लहान मुलाने. आणि अय्यनला चातुर्यापलीकडे चळवळ दिलेली नाही. त्याच्या वस्तीतले राजकारण केवळ स्वार्थाचे दाखवले आहे. त्यामुळे 'हे लोक असेच वर येतात' असे म्हणू पाहणाऱ्या प्रेक्षकालाही हा चित्रपट रिकाम्या हाताने पाठवत नाही. हे त्याचे न्यून आहे.

नीरज घायवान यांचा 'गीली पुच्ची' हा 'अजीब दास्तान्स' (२०२१) या संग्रहातला लघुचित्रपट मला अधिक मोलाचा वाटतो. आपण दलित असल्याचे घायवान यांनी जाहीरपणे सांगितले आहे. कारखान्यात काम करणारी भारती मंडल पात्र असूनही कचेरीतली जागा प्रिया शर्माला मिळते. भारती तिला आपले नाव भारती बॅनर्जी असे सांगते आणि मैत्री जुळते. पुढे ती खरी जात सांगते, तेव्हा प्रियाचा सूर बदलतो, आणि प्रियाच्या घरी भारतीला चहा येतो तो वेगळ्या, स्टीलच्या कपातून. प्रियालाही काही लपवायचे आहे. तिला स्त्रीविषयी ओढ आहे आणि ती लग्नात अडकली आहे. दोघी लपलेल्या, पण दोघींचे लपणे सारखे नाही. एकीच्या गुपितावर घराचे छप्पर आहे, दुसरीच्या गुपितावर टांगती तलवार. भारती शेवटी प्रियाच्या संसाराच्याच रीतीचा वापर करून ती जागा मिळवते. तिने केले ते योग्य की अयोग्य, यावर मी विद्यार्थ्यांना भरपूर भांडू द्यावे असे म्हणेन. महत्त्वाचे हे, की चित्रपट भारतीला आईच्या शवपेटीपुढे रडायला लावत नाही. तिच्याकडून पश्चात्ताप वसूल करत नाही.

म्हणून असे चित्रपट दाखवताना चर्चेला तीन प्रश्न घ्यावेत, अशी माझी सूचना आहे. पहिला, हे सोंग नायकाला हवे तेव्हा उतरवता येते काय? दुसरा, बिंग फुटल्यावर शिक्षा कोणाला होते, क्षमा कोण करतो, आणि क्षमा मागायला हवी होती कोणी? तिसरा, चित्रपट संपतो तेव्हा फक्त माणसाची जागा बदललेली असते, की दारावरच्या वहीचाही प्रश्न उभा राहिलेला असतो? हे तीन प्रश्न विचारले तर करमणुकीचा चित्रपटही अभ्यासाचा होतो, आणि सहृदय म्हणून गाजलेला चित्रपट कोठे हात राखून बोलतो हेही कळते.

आजही भाड्याची खोली पाहायला गेलेला आमचा तरुण आडनाव सांगण्याआधी क्षणभर थांबतो. त्या क्षणाला भेकडपणा म्हणण्याचा अधिकार घरमालकाला नाही, आणि आपल्यालाही नाही. पोटासाठी, छपरासाठी नाव झाकणाऱ्याला चळवळीने चोर म्हणू नये. चळवळीचे काम त्या घरमालकाला जाब विचारण्याचे आहे. आडनाव विचारण्याची ही रीत बंद पडेल तेव्हा कोणाला सोंग घ्यावे लागणार नाही, आणि तोतयांचे चित्रपट खरोखरच केवळ करमणूक म्हणून पाहता येतील.